स्टीमवर विकत घेतलेले गेम लायब्ररीतून दिसेनासे झाले तर कुठे शोधायचे?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: आठ-नऊ वर्षांत स्टीमवर (कंप्युटरवरचे गेम विकणारं ऑनलाइन दुकान) साठेक गेम जमवलेत, त्यातले चार-पाच आता यादीत नाहीत, घरात लॅपटॉप आणखी दोघं वापरतात, आणि सपोर्टकडे तक्रार करावी की काय असा विचार चाललाय.

तक्रारीची घाई करू नका. गेम खरंच काढून घेतला गेल्याची उदाहरणं आहेत, पण मोजकी. बहुतेक वेळा काखेत कळसा असतो. घोटाळा होतो तो तीन गोष्टी एकात मिसळल्यामुळे. गेम तुमच्या नावावर आहे का, हे एक. तो यादीत दिसतो का, हे दुसरं. आणि तो तुमच्या डिस्कवर आहे का, हे तिसरं. आपण दुसऱ्याचं उत्तर बघतो आणि पहिल्याची काळजी करत बसतो.

म्हणून आधी उतारा काढा. जमिनीचा सातबारा असतो तसं स्टीमवर प्रत्येक खात्याचं लायसन्सचं पान असतं. स्टीममध्ये मराठी नाही, म्हणून मेनूतली इंग्रजी नावं तशीच देतो: उजवीकडे वर आपल्या नावावर क्लिक करून 'अकाउंट डिटेल्स', आणि तिथून 'लायसन्सेस अँड प्रॉडक्ट की अ‍ॅक्टिव्हेशन्स'. हे ब्राउझरमध्ये उघडलंत तर कंट्रोल-एफ दाबून नाव शोधता येतं. प्रत्येक ओळीत तारीख असते, आणि गेम कसा मिळाला तेही: स्टीमच्या दुकानातून घेतला, भेट आला, की बाहेर मिळालेली 'प्रॉडक्ट की' (अक्षरं-आकड्यांचा कोड) टाकून मिळवला. नाव इथे असेल तर जमीन जागेवर आहे, फक्त धुक्यात दिसत नाहीये. याहून झटपट खूण म्हणजे त्या गेमचं दुकानातलं पान उघडा. तो तुमच्या लायब्ररीत आधीपासून असल्याचं तिथे आलं, तर निम्मा जीव भांड्यात पडायला हरकत नाही.

आता धुक्याबद्दल. मागच्या दिवाळीत कोथरूडला भावाकडे फराळाला गेलो होतो. नववीतला पुतण्या दारातच: "काका, माझे सगळे गेम उडाले!" सगळे नव्हते, सहा होते, पण त्याचे आवडते सहा. लॅपटॉप घेतला, वरच्या पट्टीत 'व्ह्यू' उघडलं, त्यातलं 'हिडन गेम्स' दाबलं आणि सहाच्या सहा रांगेत उभे. सहामाहीच्या आधी कुणीतरी त्याला सांगितलं होतं की डोळ्यांसमोर नसलं की मन जात नाही, म्हणून त्यानंच ते 'हाइड' केले होते आणि नंतर विसरला होता. गंमत अशी की वहिनी तेवढ्यात झारा हातात घेऊन मागे येऊन उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "म्हणजे लपवायचीसुद्धा सोय आहे का यात?" पुतण्याचा चेहरा बघण्यासारखा होता. त्याचा हेतू सत्शील होता हे मी चकल्या संपेपर्यंत त्यांना पटवत होतो. पटलं असं वाटत नाही.

परत आणायचं तर त्या गेमवर राइट-क्लिक, 'मॅनेज', आणि 'रिमूव्ह फ्रॉम हिडन'. एक लक्षात ठेवा, 2019 साली लायब्ररीचं रूप बदललं तेव्हापासून ही मांडणी खात्याबरोबर फिरते. म्हणजे एका मशीनवर लपवलेला गेम दुसऱ्या मशीनवरही लपलेलाच दिसेल. नवीन लॅपटॉप घेतला म्हणून तो बाहेर येणार नाही. आणि 'हाइड' म्हणजे 'प्रायव्हेट' नव्हे. हाइड केलं की गेम तुमच्या यादीतून जातो, पण खेळायला बसलात तर मित्रांना दिसतं. प्रायव्हेट उलट आहे: गेम तुम्हाला दिसत राहतो, इतरांना दिसत नाही. ही दुसरी सोय 2024 मध्ये आली. लोक एक समजून दुसरं दाबतात आणि मग दोन्हीकडून फसतात.

लपवलेल्यांत नसेल तर फिल्टर बघा. शोधपेटीच्या शेजारी फिल्टरची खूण आहे, तिच्यात एखादी निवड राहून गेली असेल (समजा, फक्त कंट्रोलरवर चालणारे गेम) तर बाकीचे मुकाट्यानं गायब होतात. तसंच एक बटण फक्त लगेच खेळता येतील असेच गेम ठेवतं, म्हणजे इन्स्टॉल नसलेले सगळे गेले. यादीच्या वर एक ड्रॉपडाउन असतो, त्यात गेम्स, सॉफ्टवेअर, टूल्स, साउंडट्रॅक्स यांच्यापुढे खुणा असतात, 'गेम्स'ची खूण निघालेली मी स्वतः पाहिली आहे. आणि सगळ्यात बावळट कारण म्हणजे कलेक्शनच्या, म्हणजे गेमच्या गटाच्या, नावावर चुकून क्लिक होऊन ती मिटलेली असते. तिघांच्या हाताखालचा लॅपटॉप असेल तर मी पहिल्यांदा इथेच बघेन.

नाव बदललेलं असू शकतं, हेही पटकन तपासा. काउंटर-स्ट्राइक ग्लोबल ऑफेन्सिव्ह शोधत असाल तर तो त्या नावानं मिळणारच नाही, 27 सप्टेंबर 2023 ला त्याच्या जागी काउंटर-स्ट्राइक 2 आला. शिवाय तुम्ही ज्याला गेम म्हणताय तो मूळ गेमचा जोडभाग असेल, तर तो यादीत वेगळा दिसत नाही. मूळ गेमच्या 'प्रॉपर्टीज'मध्ये 'डीएलसी' असं पान असतं, तिथे तो बसलेला असतो.

तिसरा प्रकार डिस्कचा. गेम यादीत आहे पण करडा पडलाय आणि 'प्ले'च्या जागी 'इन्स्टॉल' म्हणतोय. जूनमधला पहिला मोठा पाऊस, आमच्याकडे वीज दोनदा जाऊन आली, आणि मी घाबरून बाहेरच्या हार्ड डिस्कची वायर काढून दुसऱ्या पोर्टात घातली. ई ड्राइव्हचा एफ झाला. स्टीम बिचारं ई मध्ये शोधत होतं. अशा वेळी इन्स्टॉल दाबून शंभर जीबी परत उतरवू नका. 'सेटिंग्ज', 'स्टोरेज', तिथे ती डिस्क पुन्हा जोडून द्या, बहुतेकदा एवढ्यानं काम होतं. नाहीच झालं तर डिस्कवर 'स्टीमअ‍ॅप्स' नावाचं फोल्डर उघडा. गेमचा माल आत 'कॉमन'मध्ये असतो, पण स्टीम त्याला ओळखतं ते बाहेरच्या 'अ‍ॅपमॅनिफेस्ट' नावाच्या बारक्या फाइलवरून. ती चिठ्ठी हरवली असेल तर त्याच जागी इन्स्टॉल करायला सांगा. आधीच्या फाइल्स तपासून, असलेलं धरून, राहिलेलंच तेवढं ते उतरवतं.

आणि आता उताऱ्यावर नावच नसेल तर. इथे माझी स्वतःची फजिती सांगतो.

2009 साली मी पुण्यात तपकीर गल्लीतून, म्हणजे कंप्युटरच्या बाजारातून, एका गेमची डीव्हीडी आणली होती. खरी, बिलासकट, तिथे तीही मिळायची. ती चालवायला स्टीमचं खातं लागलं, ते मी तेव्हाच्या फुकटातल्या ईमेलवर काढलं. पुढे नोकरी, लग्न, आणि मध्ये पाच-सहा वर्षं गेम बंद. 2015 मध्ये स्टीमवर रुपयांत किमती दिसू लागल्या तेव्हा पुन्हा उत्साह आला, आणि मी नव्या ईमेलवर नवं खातं काढून मोकळा झालो. जुनं होतं हे आठवलंच नाही. मग दोन-तीन वर्षांपूर्वी 'माझा तो गेम गेला' म्हणून मी सगळं पालथं घातलं, फिल्टर, हिडन, सगळं, आणि शेवटी चिडून तोच गेम विकत घेतला. स्टीमनं तो निमूटपणे विकला, तेव्हाच ट्यूब पेटायला हवी होती: ज्याच्याकडे गेम आहे त्याला ते स्वतःसाठी दुसऱ्यांदा विकत नाही. म्हणजे या खात्यावर तो नव्हताच.

स्टीमच्या मदतीच्या पानावर जुना ईमेल किंवा फोन नंबर टाकून खातं शोधता येतं. खातं सापडलं, पण पासवर्ड बदलायचा कोड ज्या मेलवर जाणार ती मेल सेवा वापराअभावी माझा पत्ता कधीच बंद करून बसली होती. आता मालकीचा पुरावा हवा. पुरावा म्हणून दोन गोष्टी कामाला येतात, पूर्वी पैसे भरल्याचे तपशील किंवा डब्यातल्या डीव्हीडीबरोबर आलेली छापील की. माझं पेमेंट रोखीतलं. उरला डबा.

तो आईकडे नारायण पेठेत माळ्यावर असणार हे माहीत होतं. रविवारी शिडी लावली. गणपतीची मखरं, तांब्याचं घंगाळ, न चालणाऱ्या दिव्यांच्या माळा, माझ्या बारावीच्या वह्या (ह्या का ठेवल्यात ते आईलाच ठाऊक) आणि सगळ्यात मागे डबा. मॅन्युअलच्या पाठीवर स्टिकर, पाच-पाच अक्षरांचे तीन गट. मधल्या गटातलं एक अक्षर ओल लागून फुगलेलं, आठ की बी कळेना. आईनं खालून विचारलं, "सापडलं का रे तुझं कागदपत्र?" सापडलं होतं. स्टिकरचा स्वच्छ उजेडात फोटो काढला, सोबत जुनं युजरनेम आणि साधारण वर्ष लिहून पाठवलं आणि खातं परत मिळालं. त्यात तो एक गेम सोडून आणखी तीन होते, जे मी पार विसरलो होतो.

दोन खाती एकत्र करता येत नाहीत, आणि गेम एकातून दुसऱ्यात हलवता येत नाही. त्यामुळे मी आजही दोन खाती चालवतो. दुसऱ्यांदा घेतलेल्या गेमचे पैसे मात्र गेले, कारण परताव्याची मुदत खरेदीपासून 14 दिवस आणि खेळण्याचे 2 तास, मी दोन्ही ओलांडून बसलो होतो. तेव्हा उताऱ्यावर नाव नसेल तर सपोर्टला लिहिण्याआधी जुन्या मेलबॉक्सांत स्टीमच्या पावत्या शोधा. पावतीवर खात्याचं नाव असतं, आणि ते तुमच्या आताच्या खात्याचं नाव नाही असं दिसू शकतं. प्रोफाइलवर दिसणारं टोपणनाव वेगळं, लॉगिनचं वेगळं, त्यात गल्लत करू नका.

घरात लॅपटॉप तिघांत आहे म्हणता, तर आणखी एक शक्यता: ते गेम तुमचे नसतीलच. स्टीम फॅमिलीजमध्ये एका घरातल्या जास्तीत जास्त 6 जणांचे गेम एकमेकांच्या यादीत मिसळून दिसतात. एखादा बाहेर पडला की त्याचे गेम त्याच्याबरोबर जातात. आणि रागानं बाहेर पडलेल्याला दुसऱ्या कुटुंबात जायला वर्षभर थांबावं लागतं, त्यामुळे भांडण झालं तरी ते बटण जपून दाबा. वीकेंडपुरते फुकट दिलेले गेमही सोमवारी दिसेनासे होतात, त्यात शोधण्यासारखं काही नाही. पेमेंट मध्येच अडकलं असेल तर 'परचेस हिस्ट्री'त 'पेंडिंग' दिसेल.

विक्री बंद झालेल्या गेमची भीती लोकांना उगाच वाटते. रॉकेट लीग सप्टेंबर 2020 मध्ये स्टीमवर नव्या लोकांसाठी बंद झाला, जुन्यांच्या लायब्ररीत तो तसाच राहिला. खरा अपवाद म्हणजे द क्रू. त्याचे सर्व्हर 31 मार्च 2024 ला बंद झाले, आणि नंतर प्रकाशकानं लोकांची लायसन्सही काढून घेतली. यावर जगभर बोंब झाली. स्टीमवर आता पैसे भरताना लिहूनच येतं की तुम्ही गेम नाही, लायसन्स घेताय. सातबारा नाही, भाडेपावती म्हणा हवं तर.

एपिकवर (गेमचं असंच दुसरं ऑनलाइन दुकान) काही घेतलंय का? दर गुरुवारी रात्री तिथे फुकट गेम बदलतो. पुण्यात गुरुवारी पाण्याची बोंब असते, त्यामुळे तो वार विसरत नाही. तिथे गोंधळ बहुधा लॉगिनचा असतो: कधी गूगलनं आत शिरलो, कधी ईमेलनं, आणि दोन खाती तयार झाली. खात्यातल्या व्यवहारांच्या यादीत फुकट घेतलेलेही दिसतात. प्लेस्टेशन प्लसवरचे गेम मात्र वर्गणी संपली की कुलूपबंद होतात, वर्गणी भरली की उघडतात, ते हरवलेले नव्हेत.

लायसन्सच्या पानावर त्या चार-पाच नावांसमोर काय लिहून येतंय ते बघा. तारीख आणि गेम कसा मिळाला तो रकाना कळवलात तर पुढचं नेमकं सांगता येईल.