टोळी, जमात की भावकी?

दक्षिण अमेरिकेतल्या यानोमामी या आदिवासी लोकांवरच्या 'द ॲक्स फाइट' या माहितीपटाचं मराठी निवेदन लिहिताना त्यांना 'टोळी' म्हणावं की 'जमात', असा प्रश्न आहे.

'टोळी' नकोच. टोळी बांधावी लागते. ऊसतोडीची टोळी मुकादम बांधतो, हंगाम संपला की ती पांगते. टोळीत कुणी जन्माला येत नाही. हूणांच्या टोळ्या शाळेच्या इतिहासातून आपल्या कानात बसल्या आहेत, पण त्या शब्दात स्वारी आणि लूट गृहीत असते. ब्राझील-व्हेनेझुएलाच्या सीमेवरच्या जंगलात शेकडो गावांतून राहणाऱ्या, केळीच्या बागा राखणाऱ्या माणसांना तो लावणं अन्यायाचं आहे. 'जमात' चालेल, 'अनुसूचित जमाती'मुळे तो रुळलाही आहे. मी मात्र नुसतं 'यानोमामी' लिहीन.

खरी कसोटी पुढे आहे. माहितीपटकार टिमोथी ॲश आणि मानवशास्त्रज्ञ नेपोलियन शॅग्नॉन यांनी हे चित्रीकरण १९७१ मध्ये केलं, माहितीपट १९७५ मध्ये आला. गावात पाहुणे आलेले, त्यांतल्या एकाला एका बाईनं केळी दिली नाहीत, त्यानं तिला मारलं, आणि दोन्हीकडचे लोक सोटे-कुऱ्हाडी घेऊन धावले. आधी सगळं जसंच्या तसं दिसतं, मग संथ गतीनं, कोण कुणाचा कोण हे बाणांनी दाखवत, आणि मग वंशावळीचे तक्ते येतात. जो धावला तो नात्यापोटी धावला, हे उलगडण्यासाठी एवढा खटाटोप आहे. तिथे 'दोन टोळ्यांची मारामारी' असं निवेदन आलं तर त्यावर पाणीच पडेल. 'भावकी' आणि 'सोयरे' हे शब्द आपल्याकडे तयार आहेत, तेच वापरा.

'कझिन'ला तर नुसतं 'चुलत भाऊ' कधीच लिहू नका. यानोमामींत चुलत-मावस भावंडं सख्ख्यांत जमा, तर आते-मामे भावंडांत लग्न जुळतं. मामाची मुलगी करण्याची रीत आपल्याकडेही अनेक समाजांत आहे, त्यामुळे मराठी प्रेक्षकाला हा भेद लगेच कळेल. इंग्रजी निवेदनाला इथे लांबलचक स्पष्टीकरण द्यावं लागतं.

गावाचं नाव मिशिमिशिमाबोवेइ-तेरी. 'तेरी' म्हणजे त्या ठिकाणचे रहिवासी, आपल्या 'पुणेकर'मधल्या 'कर'सारखं. नाव तसंच ठेवा, अर्थ एकदाच सांगा आणि पुढे 'गावकरी' म्हणा.