एकच कादंबरी, दोन चित्रपट

प्रश्न : १९१३ साली इटलीत ‘पॉम्पेईचे अखेरचे दिवस’ या कादंबरीवर एकदम दोन मूकपट निघाले, हे खरं का? – एक वाचक, सांगली

उत्तर : अगदी खरं! तेही एकाच शहरात, तुरिनमध्ये. एक आम्ब्रोझिओ कंपनीचा, दुसरा पास्क्वालीचा. आम्ब्रोझिओने तर १९०८ मध्येच याच कथेवर एक छोटा मूकपट काढला होता. मग पुन्हा का? १९१३ मध्येच रोमच्या चिनेस कंपनीच्या ‘क्वो वादिस’ने, म्हणजे पोलिश लेखक शेंकेविचच्या कादंबरीवरच्या मूकपटाने, न्यूयॉर्कपर्यंत गर्दी खेचली. ते पाहून हे दोघे हातावर हात ठेवून बसतात होय! त्यात ‘पॉम्पेई’ ही इंग्रज लेखक बुलवर-लिटनची कादंबरी १८३४ ची, नाव घराघरांत पोहोचलेलं.

मला विचाराल तर आम्ब्रोझिओचा पाहा. पॉम्पेई शहर गाडणारा ज्वालामुखी आहेच, पण खरी भाव खाऊन जाते ती आंधळी फुलवाली निदिया, म्हणजे अभिनेत्री फर्नांदा नेग्री पूजे. राखेने भरदिवसा अंधार होतो, डोळसांची दाणादाण उडते आणि ही पोर रोजच्या पायवाटेने नायक ग्लाउकसला समुद्राकडे नेते. अभिनय जरा हातवारेबाज आहे, तेवढं चालवून घ्या.