दूध फाटतं, तिसऱ्या चिवट होतात

प्रश्न : बर्फात आलेल्या तिसऱ्यांचं (खायच्या शिंपल्यांचं) क्लॅम चावडर, म्हणजे दुधातलं दाट सूप, केलं. दूध फाटलं, तिसऱ्या रबरासारख्या झाल्या. काय चुकलं? – एक वाचक, लातूर

उत्तर : ताई, दोन्हीचं कारण जास्त आच. मराठवाड्यात तिसऱ्या लांबून येतात, म्हणून आधी निवडा: उघडी शिंपली टिचकी मारूनही मिटली नाही, तर टाकून द्या.

१ किलो तिसऱ्या धुऊन १ कप पाण्यात झाकण ठेवून ४-५ मिनिटं वाफवा. उघडल्या की लगेच काढा; न उघडलेल्या टाकून द्या. पाणी मलमलीतून गाळा, तळाचा वाळूचा गढूळ चमचाभर भाग भांड्यातच राहू द्या. खरी चव या पाण्यातच आहे, ते ओतून देऊ नका.

२ चमचे लोण्यात कांदा मऊ करा, २ चमचे मैदा रंग न बदलता परता. गाळलेलं पाणी थोडंथोडं घालत गुठळ्या मोडा. २ बटाट्यांच्या फोडी त्यात शिजवा. मग मंद आचेवर १ कप कोमट, सायीचं दूध. कडेला बारीक बुडबुडे दिसले की पुरे, उकळी नकोच. टोमॅटो, लिंबू घातलंत तर दूध फाटेल. तिसऱ्यांचा गर अगदी शेवटी, मिनिटभरच. पाणी मुळात खारट असतं, म्हणून मीठ चाखूनच घाला.