लाल आणि राखाडी खारीची मिश्र पिल्लं होतात का?

प्रश्न: ब्रिटनमध्ये लाल आणि राखाडी खारी एकाच जंगलात राहतात, मग त्यांचा संकर होतो का? तिथल्या काळ्या खारी त्यातल्याच का?

उत्तर: नाही हो. राखाडी खार १८७६ पासून अमेरिकेतून आणून सोडलेली, आणि दोघी एकाच वंशातल्या असल्या तरी त्यांची पिल्लं होत नाहीत. काळी खार म्हणजे राखाडीच, फक्त रंगाच्या जीनमध्ये बदल, हवं तर हिवाळ्यात कान बघा, लालसारखे केसांचे लांब झुपके नसतात. पण सगळ्याच खारींचं असं नाही बरं का, कॅनडात ऑन्टारिओमध्ये थंडी कमी झाली तशी दक्षिणेकडची उडणारी खार (उडते कसली, तरंगते!) वर सरकली आणि उत्तरेकडचीशी जमलं, डीएनएतून मिश्र खारी सापडल्याचं २०१० मध्ये प्रसिद्धही झालंय.