केरांगच्या अपघातात फाटक बंद असूनही ट्रक रुळावर कसा आला?

फाटक बंद नव्हतं, कारण तिथे फाटकच नव्हतं. ऑस्ट्रेलियात व्हिक्टोरिया राज्यातल्या केरांग गावाजवळ, मरे व्हॅली हायवेवरच्या त्या रेल्वे क्रॉसिंगला तेव्हा फक्त लुकलुकणारे लाल दिवे आणि घंटा होती. आडवा दांडा नव्हता. रस्त्याची वेगमर्यादा तेव्हा ताशी 100 किमी होती, म्हणजे भरधाव अवजड ट्रकला थांबायला लांबवर जागा लागते. 5 जून 2007 ला दुपारी स्वान हिलहून मेलबर्नला निघालेल्या रेल्वेगाडीच्या दुसऱ्या डब्याला ट्रकने बाजूने धडक दिली. डब्याची भिंतच फाटली, 11 प्रवासी गेले. हे सगळं चौकशी आणि खटल्यातून आलेलं आहे. मात्र दांडा नसणं हेच एकमेव कारण समजू नका: दिवे चालू होते. तरीही 2009 मध्ये ज्युरीने ट्रकचालकाला निर्दोष सोडलं.