ड्राफ्टमध्ये कुणीच न घेतलेला फुलबॅक एनएफएलमध्ये इतकी वर्षं टिकतो तो कशाच्या जोरावर?

तुम्ही विचारलंय की ड्राफ्टमध्ये, म्हणजे कॉलेजच्या खेळाडूंच्या वार्षिक निवडीत, ३२ पैकी एकाही संघाने ज्याचं नाव घेतलं नाही, असा खेळाडू एनएफएलमध्ये, म्हणजे अमेरिकन फुटबॉलच्या लीगमध्ये, दहा-दहा वर्षं कसा काय टिकतो. आणि त्यातून तो फुलबॅक असेल तर मैदानावर नेमकं करतो काय, कारण सामना बघताना त्याच्या हातात चेंडू क्वचितच दिसतो. मी विस्कॉन्सिनमध्ये राहतो आणि ग्रीन बे पॅकर्सचे सामने सहसा चुकवत नाही. त्यामुळे हा प्रश्न वाचल्यावर मला एकच माणूस आठवला, जॉन कून. २००५ ते २०१७ एवढा काळ तो या लीगमध्ये होता.

आधी फुलबॅकचं काम सांगतो, नाहीतर पुढचं कळणार नाही. जुन्या पद्धतीच्या रचनेत क्वार्टरबॅकच्या, म्हणजे चाल चालवणाऱ्या आणि पास फेकणाऱ्या खेळाडूच्या, मागे दोघे एका रेषेत उभे असतात. पुढचा फुलबॅक, मागचा चेंडू घेऊन धावणारा रनिंग बॅक. खेळ सुरू झाला की समोरच्या ढिगाऱ्यात जी फट पडेल तिच्यात फुलबॅक आधी घुसतो. गर्दीत पाहुण्यांच्या पुढे वाट करत चालणारा घरचा माणूस असतो, तसा. फरक एवढाच की इथे समोरून बचावातला लाइनबॅकर पूर्ण वेगात येत असतो, आणि त्याला चुकवायचं नसतं, जाऊन भिडायचं असतं. धडक नीट बसली की धावणारा फुलबॅकच्या कमरेला लागून वळतो आणि निघून जातो. सामन्याच्या आकडेवारीत धावणाऱ्याचे यार्ड छापून येतात. ब्लॉकसाठी तिथे रकानाच नसतो. तुम्हाला तो दिसत नाही याचं अर्धं कारण हे आहे, आणि उरलेलं अर्धं असं की कॅमेरा कायम चेंडूच्या मागे असतो.

फुलबॅकचं दुसरं काम याहून अवघड, ते म्हणजे पासच्या वेळी क्वार्टरबॅकला वाचवणं. त्याच्याकडे पुढे परत येतो, कारण माझं उत्तर खरं तर तिथेच आहे.

कून पेनसिल्वेनियातल्या यॉर्क परगण्यातला, डोव्हर हायस्कूलमध्ये शिकलेला. कॉलेज शिपेन्सबर्ग, म्हणजे डिव्हिजन टू. एनएफएलचे बहुतेक खेळाडू ज्या मोठ्या विद्यापीठांतून येतात, त्यांच्याकडे त्या काळी फुटबॉलसाठी ८५ शिष्यवृत्त्या असायच्या. डिव्हिजन टूच्या संघाला ३६ ची मर्यादा. स्टेडियम छोटं, टीव्हीवर सामने नाहीत, प्रतिस्पर्धीही त्याच वकुबाचे. तिथे कून नुसता ब्लॉकर नव्हता, साडेचार हजारांहून जास्त यार्ड धावून त्याने कॉलेजचा विक्रम केला होता. पण एनएफएलचे निवडकर्ते अशा आकड्यांकडे बघून पहिला प्रश्न हाच विचारतात की हे यार्ड कुणाविरुद्ध काढले? २००५ च्या ड्राफ्टमध्ये सात फेऱ्यांत २५५ जण निवडले गेले, त्यांत कून नव्हता.

ड्राफ्ट संपला की लगेच दुसरी धावपळ सुरू होते. उरलेल्या मुलांच्या एजंटांना संघांचे फोन येतात आणि काही तासांत करार होतात. हातात येणारी रक्कम किरकोळ, नोकरीची हमी शून्य. पण या मुलांना एक मोकळीक मिळते जी शेवटच्या फेरीत निवडलेल्याला मिळत नाही: एकाहून जास्त संघ विचारत असतील तर संघ आपण निवडायचा. कून पिट्सबर्ग स्टीलर्सकडे गेला. तिथे त्या वेळी फुलबॅक होता डॅन क्रायडर, रनिंग बॅक जेरोम बेटिसच्या पुढे वाट काढणारा. क्रायडरसुद्धा २००० साली न्यू हॅम्पशर विद्यापीठातून ड्राफ्टबाहेरच आलेला. म्हणजे या संघाला लहान कॉलेजचा, कुणी न घेतलेला फुलबॅक चालतो याचा पुरावाच तिथे रोज सरावाला हजर होता.

पहिलं वर्ष कूनने प्रॅक्टिस स्क्वॉडवर काढलं. हा प्रकार नीट समजून घ्या, कारण अशा करिअरची सुरुवात बहुतेक वेळा इथेच होते. मुख्य संघात ५३ जण असतात. त्याबाहेर त्या काळी आठ जणांना सरावापुरतं ठेवता येई. आठवडाभर तुम्ही रविवारच्या प्रतिस्पर्ध्याची नक्कल करता, म्हणजे आपल्याच बचावफळीला त्यांच्या चाली दाखवता आणि मार खाता. रविवारी साध्या कपड्यांत बसता. पगार आठवड्याचा, आणि पुढच्या आठवड्याचं काही सांगता येत नाही. त्याच हंगामात, फेब्रुवारी २००६ मध्ये, स्टीलर्सनी डेट्रॉइटला सुपर बोल, म्हणजे लीगचा अंतिम सामना, जिंकला. पुढच्या वर्षी कूनला मुख्य संघात जागा मिळाली. आणि २००७ च्या सप्टेंबरमध्ये, हंगाम तोंडावर असताना, संघ ५३ वर आणण्याच्या शेवटच्या कपातीत त्याचं नाव गेलं.

अशा वेळी त्या खेळाडूवर चोवीस तास इतर संघांचा हक्क असतो. कुणी नाव पुकारलं तर तो तिकडे जातो. ग्रीन बेने नाव पुकारलं.

इथे गंमत बघा. त्याच वर्षी पॅकर्सनी सहाव्या फेरीत कोरी हॉल नावाचा खेळाडू फुलबॅक करण्यासाठी घेतला होता. २००९ मध्ये पाचव्या फेरीत क्विन जॉन्सन घेतला, तोही फुलबॅक. प्रशिक्षक माइक मॅकार्थींना फुलबॅक फार आवडायचे. २०१० मध्ये त्यांनी तिघांनाही संघात ठेवलं, जे आजच्या काळात ऐकूनच नवल वाटेल. ज्याच्यावर संघाने ड्राफ्टची निवड खर्च केलेली असते त्याला चुका करायला थोडा वेळ मिळतो. कूनला तो मिळण्याचं काही कारण नव्हतं. तरी २०११ चा हंगाम सुरू झाला तेव्हा हॉल न्यू ऑर्लिन्सला गेलेला होता, जॉन्सन टेनेसीला, आणि ग्रीन बेमध्ये उरला होता कून.

का उरला? कारण तो एकाच जागेत चार जागांचं काम करत होता. २०१० च्या पहिल्याच सामन्यात मुख्य रनिंग बॅक रायन ग्रँटच्या घोट्याला दुखापत झाली आणि त्याचा हंगाम संपला. मग कूनच्या हातात चेंडू यायला लागला, विशेषतः एक-दोन यार्ड हवे असतील तेव्हा. जानेवारी २०११ मध्ये अटलांटाला झालेला प्लेऑफचा, म्हणजे बाद फेरीचा, सामना पॅकर्सनी ४८-२१ असा जिंकला, त्यात त्याने एक टचडाऊन (चेंडू शेवटच्या रेषेपलीकडे नेणं) धावून केला आणि एक पास झेलून. वर किक आणि पंटच्या, म्हणजे चेंडू लाथेने मारायच्या, वेळी स्पेशल टीम्समध्येही तो खेळत असे. त्या हंगामाच्या शेवटी सुपर बोलमध्ये समोर कोण होतं? स्टीलर्स, ज्यांनी त्याला काढून टाकलं होतं. पॅकर्स ३१-२५ ने जिंकले.

पॅकर्सच्या लॅम्बो फील्डवर त्याने चेंडू हातात घेतला की अख्खं स्टेडियम एका सुरात 'कूऽऽऽन' असं ओरडायचं. पहिल्यांदा आलेल्या माणसाला ते 'बूऽऽ' असं ऐकू यायचं आणि वाटायचं, आपल्याच खेळाडूला हे लोक हुर्यो का करतायत! तीन यार्डांसाठी धावणाऱ्या माणसावर इतकं प्रेम मी दुसऱ्या कुठल्या मैदानावर पाहिलेलं नाही.

आता तो प्रसंग, जो मी कुणालाही फुलबॅक समजावताना सांगतो. २९ डिसेंबर २०१३, शिकागो बेअर्सचं सोल्जर फील्ड, हंगामातला शेवटचा साखळी सामना. जो जिंकेल तो विभागाचा विजेता आणि प्लेऑफमध्ये. बेअर्स २८-२७ ने पुढे. ४६ सेकंद बाकी. चौथा डाऊन, म्हणजे शेवटचा प्रयत्न, आठ यार्ड हवेत, चेंडू बेअर्सच्या ४८ यार्ड रेषेवर. क्वार्टरबॅक ॲरन रॉजर्स गळ्याजवळचं हाड (कॉलरबोन) मोडल्यानंतर त्या दिवशी पहिल्यांदाच परतला होता.

बेअर्सनी एकदम धाड घातली. पॅकर्सच्या डाव्या टोकाकडून जूलियस पेपर्स मोकळा सुटला, सहा फूट सात इंचांचा, त्या पिढीतल्या सर्वात धोकादायक बचावपटूंपैकी एक. त्याच्यासमोर कुणीच नव्हतं. रॉजर्सपर्यंत पोहोचायला त्याला दोन पावलं बाकी असतील. रॉजर्सच्या शेजारी उभ्या असलेल्या कूनने हे पाहिलं आणि आडवा झेपावत पेपर्सच्या पायांत अंग टाकलं. याला धड ब्लॉकही म्हणता येणार नाही, खांदा जेमतेम लागला. पण पेपर्सचं पाऊल चुकलं, तेवढ्यात रॉजर्स डावीकडे निसटला आणि धावता धावता त्याने लांब पास फेकला. पलीकडे पास झेलणारा रँडल कॉब एकटाच पळत होता. ४८ यार्ड, टचडाऊन, ३८ सेकंद बाकी. पॅकर्स ३३-२८. नोंदीत नावं दोनच, रॉजर्स आणि कॉब.

ही फीत जमली तर नुसती कूनवर नजर ठेवून बघा. विचार करायला त्याला एक सेकंदही मिळालेला नाही. चेंडू सुटायच्या आधी क्वार्टरबॅक आणि त्याला चेंडू देणारा सेंटर मिळून ठरवतात की कोण कुणाला अडवणार. फुलबॅकला ते सगळं तोंडपाठ लागतं. शिवाय ते फसलं तर सर्वात मोठा धोका कोणता आणि कुठून, हे त्याला लगेच उमगावं लागतं. माझ्या मते ड्राफ्टबाहेरचा फुलबॅक टिकतो तो याच जोरावर. ताकद तर ट्रेनिंग कॅम्पला आलेल्या प्रत्येकाकडेच असते. पण आपला सर्वात महागडा खेळाडू पाठ फिरवून उभा असताना त्याच्यामागे कुणाला उभं करायचं, या प्रश्नावर प्रशिक्षकाच्या तोंडी आपलं नाव यावं लागतं. ते एकदा यायला लागलं की तुम्ही कुठल्या कॉलेजचे हे कुणी विचारत नाही.

पैशाचं गणित मात्र आयुष्यभर विरोधात जातं. लीगमध्ये जितके हंगाम जास्त, तितका तुमचा किमान पगार नियमानेच वाढतो. म्हणजे अनुभवी फुलबॅक दरवर्षी आपोआप महाग होत जातो आणि दाराशी नवा मुलगा स्वस्तात उभा असतो. कूनने २०१४ मध्ये कारकिर्दीतला सर्वात मोठा मान मिळवला, असोसिएटेड प्रेस या वृत्तसंस्थेच्या ऑल-प्रो, म्हणजे हंगामातल्या सर्वोत्तम खेळाडूंच्या, पहिल्या संघात निवड. त्याच्या मागून रनिंग बॅक एडी लेसी त्या वर्षी १,१३९ यार्ड धावला होता. आणि २०१५ च्या ड्राफ्टमध्ये पॅकर्सनी सहाव्या फेरीत पुन्हा एक फुलबॅक घेतला, ॲरन रिपकाउस्की. त्या हंगामानंतर कूनला नवा करार मिळाला नाही.

तो न्यू ऑर्लिन्स सेंट्सकडे गेला. ऑक्टोबर २०१६ मध्ये सॅन डिएगोविरुद्ध एकाच सामन्यात त्याने तीन टचडाऊन केले आणि सेंट्स ३५-३४ ने जिंकले. पुढच्या हंगामात दंडाचा स्नायू फाटला आणि खेळणं थांबलं. २०१९ मध्ये त्याने पॅकर्सचा खेळाडू म्हणूनच निवृत्ती घेतली.

कून अपवाद आहे का, असंही तुम्ही विचाराल. इतका काळ टिकण्याच्या बाबतीत, हो. पण फुलबॅकच्या जागेवर ड्राफ्टबाहेरची माणसं नेहमीच मोठ्या संख्येने दिसतात, कारण या जागेसाठी ड्राफ्टची निवड खर्च करायला संघ कचरतात. व्हॉन्टा लीच २००४ मध्ये ईस्ट कॅरोलायनामधून असाच आला. २०१० मध्ये ह्यूस्टनला त्याच्या मागे एरियन फॉस्टर १,६१६ यार्ड धावून लीगमध्ये पहिला आला. तो फॉस्टरसुद्धा ड्राफ्टबाहेरचाच. पुढे लीचने बॉल्टिमोरकडून सुपर बोल जिंकला. त्याच बॉल्टिमोरने २०१७ मध्ये मेन विद्यापीठाचा पॅट्रिक रिकार्ड घेतला, तो मुळात बचावफळीतला लाइनमन. त्याला त्यांनी फुलबॅक केलं आणि तो अनेकदा प्रो बोलला, म्हणजे लीगच्या निवडक खेळाडूंच्या सन्मानाला, निवडला गेला.

आजचे बरेच संघ फुलबॅक ठेवतच नाहीत. क्वार्टरबॅक मागे सरकून उभा राहतो, तीन रिसीव्हर (पास झेलणारे) मैदानावर असतात, आणि ब्लॉकची गरज पडलीच तर रांगेच्या टोकाला उभ्या टाइट एंडला आत आणतात. त्यामुळे नव्या मुलासाठी जागा खूप कमी झाल्या आहेत, हे तुम्हाला स्पष्ट सांगायला हवं. तरी ग्रीन बेच्या अगदी जवळच्या बे पोर्ट हायस्कूलमधला ॲलेक इंगोल्ड, जो शाळेत क्वार्टरबॅक खेळायचा, तो विस्कॉन्सिन विद्यापीठातून २०१९ मध्ये ड्राफ्टबाहेर राहिला, रेडर्सकडे फुलबॅक म्हणून लागला, २०२१ मध्ये गुडघ्याचा अस्थिबंध फाटूनही मायामीकडून परत उभा राहिला आणि प्रो बोलपर्यंत पोहोचला. मायामीचे त्या काळातले सामने सापडले तर चेंडू सुटायच्या आधी तो कुठून कुठे सरकतो आणि कुणाकडे बघतो, तिथून सुरुवात करा.