गेम प्रोग्रामिंगची पुस्तके निवडताना

प्रिय तरुण मित्रास,

अनेक आशीर्वाद.

गेम प्रोग्रामिंग शिकण्यासाठी कोणती पुस्तके घ्यावीत, असे तू विचारले आहेस. सोबत पाठवलेली यादी मी काळजीपूर्वक पाहिली. तिच्यात एखाद्या इंजिनाच्या, म्हणजे खेळ बनवण्याच्या तयार सॉफ्टवेअरच्या, ठरावीक आवृत्तीवरची पुस्तके आहेत, खेळाच्या आतली यंत्रणा समजावणारी पुस्तके आहेत आणि या क्षेत्रात मुरलेल्यांनी टेबलावर ठेवायचे जाडजूड संदर्भग्रंथही आहेत. मात्र कशाला कधी हात घालायचा, याचा विचार तिच्यात दिसत नाही. या विषयातले पुस्तक त्याच्या कीर्तीवरून निवडू नये, तुझ्याच अर्धवट खेळाने तुला जिथे अडवले असेल त्या अडचणीवरून निवडावे, असे माझे मत आहे. पुढे जे लिहितो आहे ते सारे या मताला धरून आहे.

यादीतली सर्वांत आकर्षक दिसणारी पुस्तके युनिटी, अनरियल किंवा गोडो या इंजिनांवरची आहेत. ती वाईट नसतात, पण त्यांचे आयुष्य फार थोडे असते. युनिटीमध्ये सी-शार्पच्या जोडीला युनिटीस्क्रिप्ट नावाची दुसरी भाषा होती. 2017 मध्ये तिला निरोप देण्याचे ठरले आणि त्या भाषेतले नमुने देणारी पुस्तके निरुपयोगी झाली. गोडोची चौथी आवृत्ती 2023 मध्ये आली, तेव्हा पात्र हलवण्यासाठी रोज लागणाऱ्या नोडचे (खेळ ज्या घटकांपासून रचला जातो त्यांपैकी एकाचे) नाव बदलले आणि त्याला वेग सांगण्याची पद्धतही बदलली. अशा पुस्तकातला कोड जसाच्या तसा लिहूनही चालेनासा झाला, की नवशिक्याला आपलेच काहीतरी चुकले असे वाटते, आणि हे नुकसान पुस्तकाच्या किमतीपेक्षा मोठे आहे. म्हणून इंजिन जरूर वापर, पण ते त्याच्या अधिकृत दस्तऐवजांवरून शिक, कारण ते आवृत्तीबरोबर बदलत जातात. पुस्तकांवरचा खर्च आणि वेळ आवृत्तीगणिक न बदलणाऱ्या गोष्टींसाठी राखून ठेव.

प्रोग्रामिंगच अजून कच्चे असेल, तर ॲल स्वायगार्ट यांच्या ‘इन्व्हेंट युवर ओन कॉम्प्युटर गेम्स विथ पायथॉन’ या पुस्तकापासून सुरुवात कर. ते इंटरनेटवर मोफत वाचता येते. अंक ओळखण्याच्या साध्या खेळापासून ते सुरू होते आणि शेवटच्या प्रकरणांत पायगेम या पायथॉनच्या खेळांसाठीच्या तयार कोड-संचाच्या साहाय्याने पडद्यावर चित्रे हलवण्यापर्यंत पोहोचते. त्यातला कोड कॉपी करून चिकटवू नकोस, हाताने टाइप कर. 1973 मध्ये डेव्हिड आल यांनी बेसिक भाषेतल्या 101 खेळांचे पुस्तक संपादित केले, तेव्हा वाचकाला छापील पानावरून एकेक ओळ संगणकात भरावीच लागे. पुढे घरगुती संगणक आल्यावर असंख्य लोक याच रीतीने प्रोग्रामिंग शिकले. टाइप करताना एखादा कंस सुटतो, खेळ बंद पडतो, आणि त्या शोधाशोधीत प्रत्येक ओळ नेमके काय करते हे कळत जाते.

एवढे झाले, की पुस्तक मिटून स्वतःचा एक छोटा खेळ लिही. भिंतींवर आपटून परतणारा चेंडू आणि त्याला टोलवणारी फळी इतके पुरे आहे. अनेकजण नेमकी हीच पायरी गाळतात आणि मग पुढची पुस्तके वाचूनही त्यांच्या हाती काही लागत नाही. पुढच्या पुस्तकांत ज्या प्रश्नांची उत्तरे आहेत, ते प्रश्न या चेंडूच्या खेळातच पहिल्यांदा उभे राहतात.

पहिला प्रश्न वेळेचा असेल. समजा, चेंडू प्रत्येक फ्रेमला, म्हणजे पडद्यावर उमटणाऱ्या प्रत्येक चित्राला, 5 पिक्सेल सरकतो असे तू लिहिलेस. सेकंदाला 60 फ्रेम दाखवणाऱ्या पडद्यावर तो सेकंदाला 300 पिक्सेल जाईल, पण 144 फ्रेम दाखवणाऱ्या पडद्यावर 720. कोड तोच असूनही खेळ दुप्पटीहून अधिक वेगवान झाला. मागच्या फ्रेमपासून गेलेल्या वेळेने वेगाला गुणणे हा यावरचा पहिला उपाय सगळ्यांना सुचतो. परंतु संगणक क्षणभर अडखळला, तर तो गुणाकार एकाच पावलात चेंडूला भलतीकडे नेऊन ठेवतो. म्हणून खेळातले भौतिकशास्त्र ठरावीक लांबीच्या पावलांनी पुढे न्यायचे, प्रत्यक्ष गेलेला वेळ साठवत राहायचे आणि साठ्यात जितकी पावले मावतील तितकी टाकायची, ही पद्धत रूढ झाली आहे.

हे सारे समजून घेण्यासाठी रॉबर्ट नायस्ट्रॉम यांच्या ‘गेम प्रोग्रामिंग पॅटर्न्स’ इतके चांगले पुस्तक मला माहीत नाही. लेखक पूर्वी इलेक्ट्रॉनिक आर्ट्समध्ये खेळांवर काम करत होते. पुस्तक 2014 मध्ये आले आणि त्याचा संपूर्ण मजकूर लेखकाने इंटरनेटवर मोफत ठेवला आहे. गेम लूपवरचे, म्हणजे खेळ पुढे नेत राहणाऱ्या अखंड फेऱ्यांवरचे, प्रकरण सर्वांत आधी वाच. त्यानंतर ‘स्टेट’ या नावाचे. उडी मारणे, वाकणे, हवेतून हल्ला करणे अशा क्रिया एका पात्रात भरताना ‘उडी चालू आहे का’, ‘वाकलेले आहे का’ अशा खुणांचे चल वाढत जातात, आणि प्रत्येक नवी क्रिया जुन्या क्रियेला मोडते. पात्राच्या अवस्था वेगळ्या काढून एका वेळी एकच अवस्था खरी ठेवली, की हा गुंता कसा सुटतो, ते तिथे पायरीपायरीने दाखवले आहे. मला या लेखकाचा प्रामाणिकपणा विशेष आवडतो: प्रत्येक रचनेचे मोल सांगताना ती कुठे वापरू नये, हेही ते सांगतात, आणि सिंगलटनवरचे (एखाद्या गोष्टीची एकच प्रत सगळीकडून वापरू देणाऱ्या रचनेवरचे) प्रकरण तर ती रचना टाळावी कशी यासाठीच लिहिलेले आहे. मात्र हे पुस्तक सलग वाचून संपवू नकोस. ज्या प्रकरणातली अडचण तुझ्या खेळात अजून आलेली नाही, ते आज वाचलेस तर केवळ शब्द लक्षात राहतील, आणि मग गरज नसताना त्या रचना खेळात घुसवण्याचा मोह होईल.

आता गणिताविषयी, कारण तुझ्या पत्रात त्याची भीती स्पष्ट दिसते. सुरुवातीला लागणारे गणित तुला वाटते त्यापेक्षा खूप कमी आहे, पण जे लागते ते पक्के लागते. एक उदाहरण देतो. पहारेकऱ्याला खेळाडू दिसतो का, हे ठरवायचे आहे आणि त्याच्या दृष्टीचा आवाका 90 अंशांचा आहे. नवशिका दोन्ही दिशांचे कोन काढतो, त्यांची वजाबाकी करतो आणि मग 359 अंश व 1 अंश यांच्यात फरक 358 येतो म्हणून गोंधळतो. सदिशांची ओळख असलेला माणूस पहारेकऱ्याच्या नजरेची दिशा आणि त्याच्यापासून खेळाडूकडे जाणारी दिशा, दोन्ही एकक लांबीच्या करून, त्यांचा डॉट प्रॉडक्ट, म्हणजे दोन दिशा किती जुळतात ते सांगणारा गुणाकार, काढतो. उत्तर 45 अंशांच्या कोसाइनपेक्षा, म्हणजे साधारण 0.707 पेक्षा मोठे आले, तर खेळाडू आवाक्यात आहे. एकही कोन काढावा लागला नाही, आणि हाच कोड त्रिमितीतही बदल न करता चालतो.

या प्रकारची समज येण्यासाठी फ्लेचर डन आणि इयन पारबेरी यांचे ‘थ्रीडी मॅथ प्रायमर फॉर ग्राफिक्स अँड गेम डेव्हलपमेंट’ घे. त्याची दुसरी आवृत्ती 2011 ची आहे आणि तीही इंटरनेटवर मोफत वाचता येते. गणिताच्या अभ्यासक्रमात मॅट्रिक्स (ओळी-स्तंभांत मांडलेले अंक) म्हणजे गुणाकाराचे नियम पाठ करण्याची गोष्ट बनते. इथे तिच्या ओळी म्हणजे नव्या चौकटीचे अक्ष आहेत, हे आकृत्यांसह समजते, आणि एकदा ते दिसले की मॅट्रिक्स विसरता येत नाही. आधी सदिशांची प्रकरणे कागद-पेन्सिल घेऊन कर, उदाहरणे स्वतः सोडव. मॅट्रिक्सकडे त्रिमितीत उतरताना वळ, आणि क्वाटर्नियन (त्रिमितीतले फिरणे चार अंकांत मांडण्याची रीत) त्याहीनंतर, फिरणारा कॅमेरा त्रास देऊ लागेल तेव्हा.

दुसरा मोठा प्रश्न टकरीचा. तुझा चेंडू सेकंदाला 1200 पिक्सेल वेगाने जाऊ लागला, तर 60 फ्रेमच्या हिशेबाने तो दर फ्रेमला 20 पिक्सेल उडी घेतो. भिंत 10 पिक्सेल जाडीची आणि चेंडू लहान असेल, तर एका फ्रेमला तो भिंतीच्या अलीकडे आणि पुढच्या फ्रेमला पलीकडे असू शकतो. टक्कर झाली असे कोडला कधी कळतच नाही. शिवाय खेळात 1000 वस्तू असतील आणि प्रत्येकीची प्रत्येकीशी टक्कर तपासायची म्हटले, तर दर फ्रेमला 499500 जोड्या तपासाव्या लागतात, तेही 16.7 मिलिसेकंदांच्या आत आणि बाकीची सगळी कामे सांभाळून. क्रिस्टर एरिक्सन यांचे ‘रिअल-टाइम कोलिजन डिटेक्शन’ हे 2005 चे पुस्तक या दोन्ही प्रश्नांचे उत्तर देते: वस्तूंना साध्या आकारांत गुंडाळून आधी स्वस्त तपासणी कशी करावी, जागेचे भाग पाडून दूरच्या जोड्या मुळातच कशा वगळाव्यात, हलत्या वस्तूने दोन फ्रेमच्या मध्ये कापलेला मार्ग कसा तपासावा. इतकी वर्षे होऊनही ते जुने झालेले नाही, कारण भूमिती बदलत नाही. पुस्तक कठीण आहे, आणि तू ते आत्ताच विकत घ्यावेस असे मी म्हणणार नाही. पण ज्या दिवशी घेशील, त्या दिवशी अंकांच्या अचूकतेवरचे प्रकरण सोडू नकोस. 32 बिटांच्या फ्लोटमध्ये, म्हणजे दशांश अंक साठवण्याच्या नेहमीच्या प्रकारात, अंक जितका मोठा, तितके त्याचे शेजारी दूर असतात. खेळ सुरू झाल्यापासूनचा वेळ सेकंदांत अशा फ्लोटमध्ये ठेवला, तर 131072 सेकंदांनंतर, म्हणजे सुमारे साडेछत्तीस तासांनंतर, लागोपाठच्या दोन अंकांत एक चौसष्टांश सेकंदाचे अंतर पडते. ते जवळजवळ एका पूर्ण फ्रेमइतके आहे, आणि तोपर्यंत सुरळीत चाललेली हालचाल अडखळू लागते. असे दोष चाचणीत सापडत नाहीत. ज्याला कारण आधीपासून माहीत असते, त्यालाच ते ओळखता येतात.

यादीतले दोन महाग ग्रंथ, जेसन ग्रेगरी यांचे ‘गेम इंजिन आर्किटेक्चर’ आणि ‘रिअल-टाइम रेंडरिंग’, सध्या बाजूला ठेव. दोन्ही उत्तम आहेत, दोन्ही हजाराहून अधिक पानांचे आहेत. ग्रेगरी यांनी नॉटी डॉगमध्ये मोठ्या खेळांवर काम केले आहे आणि इंजिनाचे सगळे भाग एकमेकांशी कसे जोडलेले असतात, याचे इतके व्यापक चित्र दुसरीकडे मिळणे कठीण. तुझे दोन-तीन खेळ पूर्ण झाले, की त्याची अनुक्रमणिका तुला आपोआप ओळखीची वाटेल. ‘रिअल-टाइम रेंडरिंग’ची पहिली आवृत्ती 1999 ची आणि चौथी 2018 ची. ग्राफिक्समध्येच पुढे जायचे ठरवलेस, तरच त्याचा उपयोग आहे.

जुनी पुस्तके निरुपयोगी असतात, असा मात्र समज करून घेऊ नकोस. मायकल ॲब्रॅश यांचे 1997 चे ‘ग्राफिक्स प्रोग्रामिंग ब्लॅक बुक’ ज्या प्रोसेसरांसाठी लिहिले, ते आता कोणी वापरत नाही. तरी अंदाजावर विसंबू नये, आधी मोजावे, आणि मोजल्यावर जो भाग खरोखर हळू निघेल तोच सुधारावा, ही शिस्त त्याच्या पानापानांत आहे. फाबियन सांग्लार यांनी ‘वुल्फेनस्टाइन थ्रीडी’ आणि ‘डूम’ या खेळांच्या इंजिनांवर अलीकडे लिहिलेली पुस्तकेही याच वाटेवरची आहेत. ‘डूम’ 1993 मध्ये आला, त्याचा मूळ कोड 1997 मध्ये खुला झाला, त्यामुळे पुस्तक आणि कोड शेजारी ठेवून वाचता येतात. दुसऱ्याने लिहिलेला पूर्ण झालेला खेळ वाचण्याची ही संधी सोडू नकोस. आपण पहिल्या वर्षात जो कोड पाहतो, तो बहुतेक तुकड्यातुकड्यांचा असतो.

उरलेल्या विषयांवर थोडेच लिहितो. शत्रूंच्या वागणुकीसाठी इयन मिलिंग्टन यांचे पुस्तक चांगले आहे, पण मार्ग शोधण्याची ए-स्टार पद्धत, जी 1968 पासून चालत आली आहे, ती आधी स्वतः लिहून बघ. अनेक खेळाडूंना नेटवर्कवरून जोडणारा खेळ पहिल्या वर्षात नको. सी-प्लस-प्लसचा प्रश्न तू दोनदा विचारला आहेस: सुरुवात त्या भाषेत करण्याची गरज नाही, परंतु नायस्ट्रॉम, एरिक्सन आणि ग्रेगरी या तिघांचेही नमुने तिच्यातच आहेत, तेव्हा ती वाचता येण्याइतकी शिकावी लागेल.

तर सध्या काही विकत घेऊ नकोस. स्वायगार्ट, नायस्ट्रॉम, आणि डन-पारबेरी ही तीनही पुस्तके मोफत आहेत आणि बराच काळ पुरतील. चेंडूचा खेळ लिही, त्यात वेळेची पावले ठरावीक कर, मग वेग वाढवत जा आणि चेंडू भिंतीतून आरपार जाऊ लागला, की टक्कर तपासणारा कोड मला पाठव. तो पाहून एरिक्सन यांच्या पुस्तकातले कोणते प्रकरण तुला आधी लागेल, ते मी कळवीन.

कळावे.